अनुबोध आणि कथा यांच्या सीमेवर : मणी कौल यांचे चित्रपट

भारतीय चित्रपटाच्या आरंभकाळी प्रत्यक्ष आणि कल्पित यांची दोन वेगळी दालने नव्हती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये झालेली कुस्ती चित्रित केली. १९०१ मध्ये केंब्रिजहून यश संपादून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचे स्वागत टिपले. दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’कडे (१९१३) वळले ते वाटाण्याच्या रोपाची वाढ चित्रित केल्यानंतर. पुराणकथेच्या चमत्कारासाठी भांडवल उभे करायचे, तर आधी एका अंकुराचे प्रत्यक्ष वाढणे लोकांना दाखवावे लागले, ही घटना पुरेशी बोलकी आहे. पुढे बोलपट आला, कथापटाचा बाजार पक्का झाला आणि १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजनची स्थापना होऊन अनुबोधपटाला शासकीय घर मिळाले. मुख्य चित्रपटाआधी असा पट दाखवणे चित्रपटगृहांवर बंधनकारक होते. प्रेक्षक तो दिवे मंदावेपर्यंतचा वेळ म्हणून सोसत. धरण, कारखाना, आदिवासी नृत्य, हस्तकला अशी दृश्ये सरकत राहत आणि त्यांवर एक भारदस्त पुरुषी आवाज त्यांचा अर्थ सांगत राही. मराठीत ‘अनुबोधपट’ हा शब्द रुळला, आणि त्यातला ‘बोध’ या पटांना नेमका लागू पडला.

एक चित्रपट गोष्ट सांगतो, दुसरा माहिती देतो, या वाटणीलाच ज्यांनी आपल्या निर्मितीतून आव्हान दिले, त्यांत मणी कौल (१९४४–२०११) यांचे स्थान वेगळे आहे. फिल्म्स डिव्हिजनच्या आतही १९६७-६८ च्या सुमारास, जहांगीर भावनगरी यांच्या प्रोत्साहनाने, सुखदेव, एस. एन. एस. शास्त्री, प्रमोद पती यांनी निवेदनाच्या सत्तेला धक्के दिले होते. शास्त्रींचा ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’ (१९६७) हा त्याचा उत्तम दाखला. परंतु त्यांचे बंड प्रामुख्याने संकलनातले आणि स्वरातले होते. कौल यांचा मार्ग साहित्याकडून आला. मोहन राकेश, विजयदान देथा, मुक्तिबोध, अखेरीस विनोदकुमार शुक्ल या लेखकांच्या संहिता त्यांनी चित्रपटासाठी घेतल्या; आणि घेतल्या त्या अशा रीतीने, की संहिता हीच एक प्रत्यक्ष वस्तू ठरावी. भिंत, रस्ता, चेहरा यांच्याइतकीच ती समोर ठेवावी आणि तिच्याकडे पाहावे. साहित्याच्या अभ्यासकाला त्यांच्या चित्रपटांत रस वाटावा तो या कारणासाठी.

कौल यांचा जन्म जोधपूरचा, घराणे काश्मिरी. पुण्याच्या प्रभात स्टुडिओच्या जागेत १९६० मध्ये सुरू झालेल्या चित्रपटसंस्थेतून ते १९६६ मध्ये बाहेर पडले. तेथे ऋत्विक घटक त्यांचे शिक्षक होते. कुमार शहानी त्याच पिढीतले. घटकांची भावोत्कट नाट्यमयता मात्र शिष्याने घेतली नाही. रॉबेर ब्रेसाँ या फ्रेंच दिग्दर्शकाचे संयमित, अभिनयाला जवळजवळ नकार देणारे चित्रपट त्यांना अधिक जवळचे वाटले. फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या कर्जातून त्यांचा पहिला कथापट उभा राहिला : मोहन राकेश यांच्या कथेवरचा ‘उसकी रोटी’.

कथा इतकी अल्प आहे की तिचा गोषवारा दोन वाक्यांत संपतो. पंजाबातल्या एका खेड्यातली बालो बसचालक नवऱ्याची भाकरी घेऊन रोज रस्त्यावर जाऊन उभी राहते. एके दिवशी तिला उशीर होतो आणि नवरा रोटी न घेताच बस पुढे नेतो. कौल यांनी या कथेतील घटना वाढवल्या नाहीत. वाट पाहणे वाढवले. रुंद दृश्य टिपणारे एक भिंग आणि दूरचे जवळ आणणारे एक, अशा दोनच भिंगांवर त्यांनी बराच भर दिला. आरंभी एकाने प्रत्यक्ष आणि दुसऱ्याने मनातले सुचवायचे, आणि पुढे ही वाटणीच उलटवायची, असा हा बेत होता. परिणामी बालो खरोखर रस्त्यावर उभी आहे की उभी असल्याचे तिला आठवते आहे, हे प्रेक्षकाला ठामपणे सांगता येत नाही. संवाद सपाट, जवळजवळ वाचल्यासारखे. के. के. महाजन यांच्या छायालेखनात कणीक मळणारे हात, मातीची भिंत, धुळीचा रस्ता यांना पात्रांइतकेच वजन आहे. येथे अनुबोधपटाची नजर कथेच्या आत येऊन बसली आहे. कथा पुढे नेण्यासाठी हात दाखवलेले नाहीत. हातांकडे पाहता यावे एवढ्यापुरतीच कथा पुढे जाते. चित्रपटाला रीतसर व्यावसायिक प्रदर्शन लाभले नाही, आणि सार्वजनिक पैशातून असे चित्रपट काढावेत काय, यावर बराच वाद झाला.

त्यानंतरच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये (१९७१) राकेश यांचेच नाटक होते. मल्लिकेच्या भूमिकेत रेखा सबनीस, कालिदासाच्या भूमिकेत अरुण खोपकर आणि विलोमच्या भूमिकेत ओम शिवपुरी. रंगभूमीवर हे नाटक अनेकांनी रंगवले. कौल यांनी ते रंगू दिले नाही. येथेही शब्द भावनेचे वाहन न राहता ऐकण्याची वस्तू होतात. या प्रयोगात एक कोरडेपणा आहे, हेही नोंदवायला हवे. नाटकातले मल्लिकेचे दुःख पोहोचण्याआधीच थिजते.

‘दुविधा’ (१९७३) मात्र सर्वार्थाने जमून आलेला चित्रपट. जोधपूर जिल्ह्यातील बोरुंदा हे विजयदान देथांचे गाव. कोमल कोठारी यांच्यासह त्यांनी १९६० मध्ये तेथे रूपायन संस्थान स्थापन केले आणि राजस्थानची मौखिक परंपरा जमवण्याचे, ध्वनिमुद्रित करण्याचे मोठे काम केले. देथांची कथा अशा जमवण्यातून आणि पुनर्कथनातून जन्मते. तिचे मूळ लोकांच्या तोंडी आहे आणि घडण लेखकाची आहे. लग्न करून परतताच व्यापाराचा मुहूर्त साधायला नवरा पाच वर्षांसाठी निघून जातो. झाडावरचे भूत नववधूवर भुलते, नवऱ्याचे रूप घेते, पण तिच्याशी खोटे बोलत नाही. ती सत्य जाणून त्याचा स्वीकार करते. खरा नवरा परततो, एक मेंढपाळ न्याय करतो, भूत पखालीत कोंडले जाते, आणि वधूला विचारत कोणीच नाही.

चित्रकार अकबर पदमसी यांच्या साहाय्याने हा चित्रपट बोरुंद्यातच चित्रित झाला. वधूच्या भूमिकेत पदमसींची कन्या रईसा होती, नवरा आणि भूत दोन्ही रवी मेनन यांनी केले, छायालेखन नवरोज काँट्रॅक्टर यांचे. भुताची गोष्ट सांगताना कौल यांनी युक्त्यांचा आधार घेतला नाही. भूत म्हणजे पांढऱ्या भिंतीपाशी उभा असलेला एक माणूस. त्या भिंती, उंबरठे, ओढण्यांचे रंग, राजस्थानी लोकसंगीत हे सारे अस्सल, आणि त्यांच्यामध्ये एक अशक्य घटना. मधूनच चित्र गोठते आणि काही क्षण स्थिरचित्र होऊन राहते. निवेदन गोष्ट सांगते आणि चित्र काही केल्या तिचा पुरावा देत नाही. शासकीय पटात आवाज चित्रावर हुकूमत गाजवी. येथे दोघे शेजारी राहतात, एकमेकांच्या घरात शिरत नाहीत. या चित्रपटाबद्दल कौल यांना दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. सत्यजित राय यांनी मात्र १९७४ च्या आपल्या लेखात कौल आणि शहानी यांच्यावर कठोर टीका केली. ती टीका केवळ पिढीच्या अंतराची म्हणून बाजूला सारणे योग्य होणार नाही. माणसाच्या वर्तनाचे बारकावे हा ज्यांच्या कलेचा प्राण, त्यांना हे निश्चल चेहरे माणसाविषयीची अनास्था वाटले असतील, तर त्यात नवल नाही. पण वधूची कोंडी ‘दुविधा’त जाणवते ती तिचा चेहरा काही बोलत नाही म्हणूनच. हीच कथा घेऊन अमोल पालेकर यांनी २००५ मध्ये ‘पहेली’ काढला, तेव्हा वधूला तिचे प्रेम परत मिळाले आणि प्रेक्षकांची सुटका झाली. कौल यांनी ती सुटका नाकारली होती.

१९७६ मध्ये कौल मराठी संहितेकडे आले, तेही एकटे नव्हे. चित्रपटसंस्थेतील सहकाऱ्यांनी स्थापलेल्या युक्त फिल्म को-ऑपरेटिव्हने तेंडुलकरांच्या ‘घाशीराम कोतवाल’चा चित्रपट केला. के. हरिहरन, सईद मिर्झा, कमल स्वरूप आणि कौल असे चौघे दिग्दर्शक. नाना मोहन आगाशे यांचा, घाशीराम ओम पुरी यांचा. नाटकातले अर्थबहुल, अनैतिहासिकपणाचा दावा करणारे पुणे येथे मराठेशाहीच्या उत्तरकाळाच्या इतिहासापुढे उभे केले गेले. सामूहिक कृतीत कोणाचा वाटा किती, हे ठरवण्यात अर्थ नाही. कौल यांच्या पुढच्या वाटचालीच्या दृष्टीने महाराष्ट्राशी आलेला दुसरा संबंध अधिक मोलाचा आहे : १९७७ चा ‘चित्रकथी’ हा लघुपट. कुडाळजवळच्या पिंगुळीत टिकून राहिलेल्या या परंपरेत कथेकरी एकेक चित्र प्रेक्षकांपुढे धरतो आणि गात, बोलत कथा सांगतो. चित्र हलत नाही, आवाज हलतो. ‘दुविधा’तली गोठलेली चित्रे ज्याने पाहिली आहेत, त्याला कौल यांना पिंगुळीच्या कलेत काय सापडले असेल, हे वेगळे सांगावे लागत नाही. ज्या युरोपीय प्रभावाचा आरोप त्यांच्यावर वारंवार झाला, त्याच्याशी ताडून पाहावे असे हे नाते आहे.

यानंतरच्या दशकात कौल यांच्या चित्रपटांची उभी विभागणी करणे अशक्य होते. ‘अरायव्हल’ (१९८०) हा फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेला वीसेक मिनिटांचा पट. विषय मुंबईत येणाऱ्या वस्तू आणि माणसे. भाजी, फळे, फुले, शेळ्यामेंढ्या येतात. कामाच्या शोधातले मजूर येतात. निवेदन नाही. जनावरे कत्तलखान्यात जातात आणि मजूर शहरात. दोन्ही दृश्ये एकामागून एक येतात तेव्हा तुलना पाहणाऱ्याच्या मनात आपोआप उभी राहते, आणि ती त्याने स्वतः केलेली असल्यामुळे ती नाकारणे त्याला जड जाते. शासकीय संस्थेच्या पैशातून, शासकीय पटाच्या लांबीत, ‘बोध’ काढून टाकलेला हा अनुबोधपट आहे.

त्याच सुमाराचा ‘सतह से उठता आदमी’ (१९८०) हा मराठी वाचकाने अधिक जवळून पाहावा असा. गजानन माधव मुक्तिबोध (१९१७–१९६४) यांची घरची भाषा मराठी, लेखन हिंदीत. त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध मराठीतले कवी, कादंबरीकार आणि मार्क्सवादी समीक्षक. ‘सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य’ या त्यांच्या ग्रंथाला साहित्य अकादमीचा पुरस्कार लाभला. एकाच घरातून दोन भाषांच्या आधुनिक साहित्याला अशी देणगी मिळावी, ही आपल्या वाङ्मयेतिहासातील विरळा घटना. मुक्तिबोधांच्या लेखनात कथा, कविता, डायरी आणि समीक्षा यांच्या सीमा पाझरत असतात. ‘एक साहित्यिक की डायरी’मध्ये केशव नावाचा मित्र सौंदर्यशास्त्रावर वाद घालतो, आणि तो वाद कथेसारखा वाचला जातो. म्हणजे ज्या सीमा कौल चित्रपटात ओलांडू पाहत होते, त्या या लेखकाने कागदावर आधीच ओलांडल्या होत्या.

चित्रपटात रमेश, माधव आणि केशव अशी तीन पात्रे आहेत. भूमिका अनुक्रमे गोपी, विभूती झा आणि एम. के. रैना यांच्या. मध्यमवर्गीय, बुद्धिजीवी, तडजोड आणि सदसद्विवेक यांच्या कात्रीत सापडलेली ही माणसे. त्यांच्या तोंडी मुक्तिबोधांचे गद्य येते, कविता येते. एका कथेतून दुसरीत, कथेतून निबंधात चित्रपट सूचना न देता जातो. चरित्रपट असता तर राजनांदगावचे महाविद्यालय, तरुण वयापासूनची ओढाताण, १९६२ मध्ये मध्य प्रदेशात त्यांच्या इतिहासाच्या पाठ्यपुस्तकावर आलेली बंदी, अखेरचे आजारपण असा क्रम लागला असता आणि डोळ्यांत पाणीही आले असते. कौल यांनी कवीचे जीवन वगळले आणि त्याचे वाक्य ठेवले. मग चित्रपट कारखान्यात शिरतो. यंत्रे, आग, धातू, काम करणारी माणसे असे ते दीर्घ चित्रण आहे. इतका वेळ खोल्यांत आणि गल्ल्यांत स्वतःशी वाद घालणारी भाषा येथे थेट श्रमापुढे येऊन उभी राहते. ‘अंधेरे में’ या दीर्घकवितेच्या वाचकाला या दृश्यांतील प्रकाश आणि काळोख परके वाटणार नाहीत.

येथे एक प्रश्न उरतोच. कारखान्यातील कामगार या चित्रपटात बोलत नाहीत. बोलतो तो मध्यमवर्ग. मुक्तिबोधांच्या लेखनाचाच तो पेच असल्यामुळे दिग्दर्शकाने तो प्रामाणिकपणे तसाच ठेवला, असे समर्थन करता येते, आणि ते खोटे नाही. पण अनुबोधपटाच्या कक्षेत शिरताच दाखवले जाणारे माणूस ही केवळ प्रतिमा राहत नाही. त्याचाही काही हक्क उत्पन्न होतो. त्या हक्काची दखल या चित्रपटात पुरती घेतली गेलेली नाही. ‘अरायव्हल’मधल्या मजुरांच्या मौनाला त्या पटाच्या रचनेत अर्थ होता, येथील मौन रचनेबाहेर राहिले.

कौल यांनी झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ध्रुपदाचे शिक्षण घेतले. हे शिक्षण त्यांच्या चित्रपटविचाराचा पाया बनले. आलापात रागाचे स्वरूप क्रमाने उलगडते. तेथे काही ‘घडत’ नाही, तरी ऐकणाऱ्याला पुढे काय याची ओढ असते. कथानकाविना कथन शक्य आहे याचा असा पुरावा त्यांना संगीतात मिळाला. पाश्चात्य चित्रकलेतील एकाच बिंदूकडे धावणारी यथार्थदर्शनाची रचना कॅमेऱ्याच्या भिंगातच बसवलेली आहे, आणि त्यापासून चित्रपटाला मोकळे केले पाहिजे, असा विचार त्यांनी आपल्या लेखनातूनही मांडला. ‘ध्रुपद’ (१९८२) या पटात मोहिउद्दीन यांची रुद्रवीणा आणि बंधू फरीदुद्दीन यांचे गायन आहे. शेवटी मात्र कॅमेरा मुंबईच्या छपरांवरून, झोपड्यांवरून, उंच इमारतींवरून सावकाश फिरत राहतो. दरबारातून निघालेला राग या शहरात कोठे राहतो, हा प्रश्न शब्दाविना विचारला जातो. स्वतः मोहिउद्दीन यांनी त्याचे एक उत्तर पनवेलजवळच्या पळस्पे येथे गुरुकुल उभारून दिले होते.

‘माटी मानस’मध्ये (१९८५) मातीकामाची परंपरा हा विषय. संग्रहालयातील प्राचीन मृण्मूर्ती, कुंभारांची चाके आणि भट्ट्या, आणि कुंभारांच्या दंतकथा या एकमेकींत मिसळतात. भट्टीत राहून गेलेली मांजरीची पिले जिवंत निघण्याची कथा, परशुरामाने आईचा शिरच्छेद केल्याची कथा यांसारख्या कथा येथे ‘लोकांच्या समजुती’ म्हणून येत नाहीत. भांड्याइतक्याच त्या वस्तू आहेत आणि त्याच हातांनी घडवलेल्या आहेत.

या साऱ्याचा परिपाक ‘सिद्धेश्वरी’त (१९८९) झाला. बनारसच्या ठुमरीगायिका सिद्धेश्वरी देवी (१९०८–१९७७) यांच्यावरचा हा पटही फिल्म्स डिव्हिजनचाच. पोरकेपण, मावशी राजेश्वरी देवींच्या घरात घरकाम करता करता कानावर पडलेले गाणे, सियाजी महाराजांची तालीम, मैफिलींतील कीर्ती असे हे जीवन. त्यातला प्रत्येक प्रसंग भावनाट्याला आयताच उपलब्ध. मीता वसिष्ठ सिद्धेश्वरींच्या रूपात दिसतात. पण त्या भूमिका ‘करतात’ असे म्हणणे अवघड आहे. त्या घाटांवर, नावेत, खोल्यांत वावरतात; वये, काळ आणि माणसे एकमेकांत विरघळतात; गंगेचे पाणी आणि ठुमरी या दोनच गोष्टी अखंड राहतात. पियूष शाह यांच्या छायालेखनातील बनारस हे पर्यटकाचे नाही आणि भाविकाचेही नाही.

चित्रपटाच्या अखेरीस मीता वसिष्ठ एका पडद्यावर खऱ्या सिद्धेश्वरी देवींचे चित्रमुद्रण पाहतात. वृद्ध, स्थूल, साधीशी बाई गाते आहे. इतका वेळ आपण जे सौंदर्य पाहिले, त्याचा आणि या बाईचा संबंध काय? अभिनेत्री पाहते आहे, प्रेक्षक अभिनेत्रीला पाहतो आहे, आणि गाणारीला दोघांचीही पर्वा नाही. दीड तासाच्या कल्पिताला कौल यांनी येथे काही क्षणांच्या दस्तऐवजापुढे उभे केले आहे. ‘सतह से उठता आदमी’त कामगारांना न मिळालेले काहीतरी येथे सिद्धेश्वरींना मिळते : त्या स्वतःच्या आवाजात गातात, आणि चित्रपट त्यांच्यापुढे गप्प होतो. या पटाला उत्कृष्ट अनुबोधपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुरस्काराच्या वर्गवारीला त्याला कोणत्या तरी एका दालनात बसवणे भाग होते.

पुढच्या काळात दस्तयेवस्कीवरचा ‘इडियट’ (१९९१) आला; तो प्रथम दूरदर्शनसाठी होता आणि त्यात शाहरुख खान होते, हे आज अनेकांना आश्चर्याचे वाटते. काही वर्षे नेदरलँड्समध्ये अध्यापनात गेली. विनोदकुमार शुक्ल यांच्या कादंबरीवरील ‘नौकर की कमीज’ (१९९९) हा त्यांचा शेवटच्या काळातील महत्त्वाचा कथापट. शुक्ल हे राजनांदगावचे, मुक्तिबोधांच्या सहवासाने कवितेकडे वळलेले. तेव्हा वीस वर्षांनी कौल जणू त्याच गावाच्या वेशीशी परतले. कथा एका कारकुनाची. साहेबाने नोकरासाठी एक सदरा शिवून घेतला आहे, आणि तो ज्याच्या अंगाला येईल त्याने नोकर व्हायचे आहे. लहान गावातले छोटे घर, गळणारे छप्पर, कचेरीतली टेबले यांत हे हसू आणणारे भय पसरत जाते. येथे कौल यांनी छायालेखकाला कॅमेऱ्यातून न पाहता चित्रण करायला लावले. चौकट आधी ठरवायची नाही. समोर असलेल्या माणसाकडे आणि वस्तूकडे कॅमेरा वळवायचा आणि जे सापडेल ते स्वीकारायचे. तिसाव्या वर्षाच्या आत भिंगांची काटेकोर योजना करणारा दिग्दर्शक पंचावन्नाव्या वर्षी चौकटीवरचा आपला हक्क असा सोडून देत होता.